बाबा, कॅमेरा आणि पांढरंशुभ्र अश्गाबात

"एवढं मोठं जग पडलंय आणि तुला हाच देश सापडला, जिथे फोटो काढायची चोरी?" मी तुर्कमेनिस्तानचं नाव काढल्यावर हे नवऱ्याचं पहिलं वाक्य. दुसरं वाक्य आईचं, "मला त्या वाळवंटात नेऊ नका, मी बडोद्याला ताईकडे जाते." त्यामुळे उरलो मी आणि बाबा.

मी ऐरोलीला राहते. शनिवार-रविवारी खाडीत फ्लेमिंगोंच्या मागे लागायचं हा माझा छंद, नवऱ्याच्या भाषेत खूळ. बाबा नौपाड्यात, वय एकाहत्तर, सगळी नोकरी विजेच्या लाइनीवर. त्यांच्या लहानपणी घरात एक सोव्हिएत मासिक यायचं, गुळगुळीत कागदाचं, वर्ष संपलं की त्याची पानं आमच्या आत्यांच्या वह्यांना कव्हर म्हणून लागायची. त्यात रुंद रस्ते, कारंजी, कापूस वेचणाऱ्या हसऱ्या बायका. "एकदा तिकडे जाऊन बघायचंय खरंच असं आहे का", हे मी चाळीस वर्षं ऐकत आले. सोव्हिएत गेलं, बाबांची इच्छा राहिली. आणि मला दरवाज्याचा तो जळता खड्डा बघायचा होता. दरवाजा हे गावाचं नाव आहे, आपल्या दरवाज्याशी नातं असावं असं बाबांचं मत. दसरा झाल्यावर आठवड्याने निघालो, दिवाळीच्या आधी परत.

दिवस १ आणि २ : ताश्कंद, खिवा

मुंबईहून ताश्कंदला थेट विमान आहे, उझबेकिस्तानचा ई-व्हिसा घरी बसून मिळतो. फक्त अर्ज करताना डबल एंट्रीचा घ्या, कारण मध्ये तुर्कमेनिस्तानला जाऊन परत उझबेकिस्तानात यायचं असतं. आमच्या ओळखीतल्या एका जोडप्याने सिंगल काढला होता आणि मग सीमेच्या अलीकडे बसून फोनाफोनी.

ताश्कंदची मेट्रो मुद्दाम बघितली. १९७७ ची, मध्य आशियातली पहिली, आणि उद्या अणुयुद्ध झालंच तर लोकांना खाली लपता यावं असाही विचार करून बांधलेली, म्हणून आत फोटो काढायला बंदी होती ती थेट २०१८ मध्ये उठली. कोस्मोनावतलार नावाचं स्टेशन आहे, निळं, भिंतीवर गागारिन, तेरेश्कोवा वगैरे अंतराळवीर गोल चौकटीत. मी ट्रायपॉडशिवाय खांबाला टेकून फोटो घेत होते तर एक पोलीस फ्रेममध्ये आला, मला बघितलं, आणि चक्क बाजूला झाला. मी मनात म्हटलं, झालं, आपण उगाच घाबरत होतो. (हे वाक्य लक्षात ठेवा.)

शास्त्रीजींच्या पुतळ्यापाशी बाबा बराच वेळ उभे होते. जानेवारी १९६६, ते पाचवीत, शाळा मध्येच सुटली होती म्हणे आणि घरी आल्यावर आजोबा रेडिओला कान लावून बसलेले. मी पुतळ्याचा फोटो घेतला नाही, बाबांच्या पाठीचा घेतला.

खिवाबद्दल काही लिहीत नाही, त्यावर शंभर लोकांनी लिहिलंय आणि सगळ्यांचे फोटो सारखेच आहेत, माझेपण.

दिवस ३ : सीमा, आणि फ्लेमिंगो

खिवाहून शावातची सीमा तासाभराच्या अंतरावर. इकडून शिक्का, मग मधल्या मोकळ्या पट्ट्यातून एक खटारा व्हॅन, मग तिकडचे शिक्के. व्हिसा सीमेवरच मिळतो पण एजन्सीमार्फत आधी निमंत्रणपत्र लागतं, आणि गाइडशिवाय टूरिस्टला फिरू देत नाहीत. नाकात काडी घालून कोविडची टेस्ट आम्ही गेलो तेव्हाही होत होती, पैसे आपलेच. डॉलर अगदी नवे कोरे न्या, घडी पडलेली नोट बघून काउंटरवरची बाई अशी चेहरा करते जशी आपण तिला वापरलेला टिश्यू दिला.

मग कस्टम. ड्रोन आहे का, हा पहिला प्रश्न. ड्रोन अजिबात नेऊ नका, उझबेकिस्तानातसुद्धा आणायला बंदी आहे, या दोन्ही देशांत तो घरी परत येईल ही आशा सोडा. औषधांची पिशवी पूर्ण उघडली, बाबांच्या बीपीच्या गोळ्यांची चिठ्ठी इंग्रजीत होती म्हणून सुटलो. कोडीन असलेलं खोकल्याचं औषध, ट्रामाडॉलवाल्या दुखण्याच्या गोळ्या, असलं काही ठेवू नका.

शेवटी कॅमेरा. मोठी झूम लेन्स मी घरीच ठेवली होती, त्या तोफेकडे बघून कोणालाही संशय येईल. तरी एक तरुण अधिकारी म्हणाला फोटो दाखव. मी कॅमेरा सुरू केला आणि पोटात गोळा, कारण दुसरं कार्ड फॉरमॅट करायचं राहिलं होतं आणि त्यावर काय आहे हे मलाच आठवेना. निघाले फ्लेमिंगो. एप्रिलमधले, ऐरोलीच्या खाडीतले, मागे धुरकट बिल्डिंगा. त्याने झूम केलं. मग पुढचा. मग शेजारच्याला हाक मारली. "फ्लामिंगो!" तो छातीला हात लावून म्हणाला "खझर, खझर!" मला काही कळेना. नंतर गाइडने सांगितलं की कॅस्पियनच्या काठाला त्यांच्याकडे खझर नावाचं अभयारण्य आहे, थंडीत तिथे फ्लेमिंगो येतात, आणि तो पोरगा त्या बाजूचा. मागे रांग लागलेली आणि हे दोघे माझे पक्षी बघतायत.

आमची गाइड बाहेर उभी होती. तिचं नाव मी इथे लिहीत नाही, फोटोही टाकलेला नाही, का ते पुढे येईल. सत्तावीस-अठ्ठावीसची, घोट्यापर्यंत हिरवा झगा, गळ्याशी भरतकाम, इंग्रजी एकदम स्वच्छ. मी "हे माझे बाबा" म्हणून ओळख करून दिली तर ती गोंधळली, कारण तुर्कमेनमध्ये बाबा म्हणजे आईचे वडील आणि वडिलांना म्हणतात काका! त्यानंतर सहा दिवस बाबा तिचे "काका" आणि माझे बाबा. शब्दांचा खेळ तिथून सुरू झाला. किताप, दोस्त, आसमान, मैदान, आठवड्याला हेप्दे. बाबा हे सगळं एसटीच्या जुन्या तिकिटांमागे लिहीत होते, ती त्यांच्या खिशात कुठून येतात देव जाणे.

गाडीत बसल्यावर तिने नियम सांगितले. वर्दीतला माणूस, चेकपोस्ट, सरकारी इमारत, विमानतळ, पूल, यांचे फोटो नाही. माणसांचे विचारून. स्मारकांचे हवे तेवढे. मी विचारलं हे कुठे लिहिलेलं आहे का, म्हणजे मी वाचून ठेवीन. ती हसली. "मी सांगते ना."

दुपारी कोन्ये-उर्गेंच, म्हणजे जुनं उर्गेंच. कुतलुग तैमूरचा मिनार साधारण साठ मीटर, एकटाच मैदानात, किंचित कललेला. तुराबेक खानुमच्या कबरीच्या घुमटात आतून जी नक्षी आहे ती आडवं पडूनच बघायची, मान मोडते. बाबा खरंच आडवे झाले. जवळच कीर्क मोल्ला नावाची टेकडी, मूल व्हावं म्हणून बायका तिच्यावरून गडगडत खाली येतात. आम्ही गेलो तेव्हा एक सून गडगडत होती, सासू खाली हात पसरून उभी, दोघी हसून हसून बेजार. माझा हात कॅमेऱ्यावर गेला. गाइड काही बोलली नाही, फक्त माझ्याकडे बघितलं. मीच खाली घेतला. ही बंदी सरकारी नव्हती, आपल्याकडे वडाच्या फेऱ्या मारणारीच्या तोंडासमोर कोणी कॅमेरा धरला तर आपणही तसंच बघू.

पुढचा रस्ता रस्ता नाहीच. घोडबंदर रोडला नावं ठेवणाऱ्यांनी (म्हणजे आम्हीच) एकदा इथून जावं. खड्डे चुकवायला ड्रायव्हर रस्ता सोडून वाळूतून जायचा, वाळूत रुतेल वाटलं की परत खड्ड्यात. पाच तास. बाबा पुढे बसून विजेचे खांब मोजत होते.

अंधार पडल्यावर क्षितिजावर नारिंगी उजेड दिसला. काराकुम वाळवंटातला हा खड्डा सत्तर मीटरच्या आसपास रुंद. १९७१ मध्ये सोव्हिएत लोकांनी गॅससाठी खोदताना जमीन खचली आणि गॅस जाळून टाकू म्हणून पेटवला अशी गोष्ट सगळे सांगतात, कागदोपत्री पुरावा मात्र कोणी दाखवत नाही. २०२२ मध्ये राष्ट्राध्यक्षांनी विझवायला सांगितलं, आणि आता आजूबाजूच्या विहिरींतून गॅस काढत असल्यामुळे आग पूर्वीच्या मानाने एक तृतीयांश राहिलीय असं तिथलेच अधिकारी २०२५ मध्ये म्हणाले. म्हणजे जुन्या फोटोंत बघितलेली भट्टी आता नाही. कडेकडेने ज्वाळा, मध्ये काळोख, एखाद्या प्रचंड गॅस शेगडीचे अर्धे बर्नर बंद असावेत तशी. मला आधी हिरमोड झाला, मग उलट बरं वाटलं, कारण आग कमी म्हणून वर तारे दिसत होते. रिमोट विसरले होते म्हणून दोन सेकंदाचा टायमर लावून वीस-वीस सेकंदांचे फोटो घेतले. वारा फिरला की गरम फुफाटा तोंडावर येतो, तेव्हा कुंपणापासून लांबच राहा. आणि वाळवंटात लेन्स बदलू नका, कितीही मोह झाला तरी. सेन्सरवर वाळूचा एक कण बसला तो पुढच्या पाचशे फोटोंत आकाशात डाव्या कोपऱ्यात आहे.

रात्र यर्टमध्ये, म्हणजे तिथल्या गोल तंबूत. थंडी कडाक्याची. जेवणात चोरेक, म्हणजे तंदुरात भाजलेली जाड गोल रोटी, ती ताटात उलटी ठेवायची नाही, मी ठेवली तर ड्रायव्हरने न बोलता सुलटी केली. सोबत मटणाचा शोरबा, आणि बाबांचा चतुर्थीचा उपास सोडायला एका वाडग्यात पांढरं घट्ट काहीतरी. बाबांनी बोट लावून चाखलं. "अगं, हा चक्का आहे." सुझमे म्हणतात त्याला, दही फडक्यात टांगून. मग काय, बाबांनी साखर मागवली, दहा मिनिटं चमच्याने घोटलं, बॅगेतनं वेलचीची पूड काढली (ती बॅगेत का होती विचारू नका) आणि विझत चाललेल्या खड्ड्याच्या काठी सगळ्यांना श्रीखंड वाढलं. ड्रायव्हर दिवसभरात पहिल्यांदा बोलला, एकच शब्द, गाइडने भाषांतर केलं: "अजून."

दिवस ४ : गाडी धुवून शहरात

अश्गाबात तिथून अडीचशे किमीच्या थोडं वर. वाटेत उंट, वाळू, उंट. शहराच्या अलीकडे ड्रायव्हरने गाडी थांबवली आणि धुवायला लावली. साधी पाणी मारून नाही, चाकाच्या आतून, नंबर प्लेट फडक्याने, पायपुसणी झटकून. मळकी गाडी शहरात आली तर दंड होतो. आणि गाड्या सगळ्या पांढऱ्या, फार तर चंदेरी. काळ्या गाड्या २०१८ पासून बंद. बाबा म्हणाले, "आपल्या कापूरबावडीला हा नियम लावला तर जंक्शन रिकामं होईल."

मग शहर आलं. कसं सांगू. २०१३ मध्ये गिनीज बुकात गेलं, संगमरवर लावलेल्या ५४३ नव्या इमारती. पांढरे बंगले नव्हेत, पांढरे टॉवर, पांढरी मंत्रालयं, पांढरे बसस्टॉप, सहा-आठ पदरी रस्ते, कारंजी, आणि माणूस नाही. दुपारी तीन वाजता एका चौकात मी मोजलं, दोन पोलीस, एक झाडूवाली, आणि आम्ही चौघे. बाबा काचेला नाक लावून बसले होते. बऱ्याच वेळाने म्हणाले, "तंतोतंत तेच मासिक आहे गं. फक्त कापूस वेचणाऱ्या बायका कुठे गेल्या?"

कामाचं: वॉट्सॅप, फेसबुक, इन्स्टा, यूट्यूब काहीही चालत नाही, घरच्यांना आधीच सांगून ठेवा की तिथे असेपर्यंत मेसेज येणार नाही, नाहीतर माझ्या नवऱ्यासारखं गूगलवर "इंडियन एम्बसी अश्गाबात" शोधत बसतील. कार्डाच्या भरवशावर राहू नका. सरकारी भाव डॉलरला साडेतीन मनात (हे तिथलं चलन), बाहेर भलताच भाव आहे हे सगळ्यांना माहीत असतं, त्या भानगडीत पडू नका. रात्री अकरानंतर शहर बंद.

दिवस ५ : पाच फ्रेम

सकाळ स्मारकांची. तटस्थतेची कमान, तीन पायांची, वर देशाचे पहिले राष्ट्राध्यक्ष नियाझोव यांचा सोन्याचा मुलामा दिलेला बारा मीटरचा पुतळा, जो पूर्वी सूर्याकडे तोंड करून दिवसभर फिरायचा. हे तेच नियाझोव, ज्यांनी २००२ मध्ये महिन्यांची नावं बदलून जानेवारीला स्वतःची पदवी आणि एप्रिलला आईचं नाव दिलं, २००८ मध्ये त्यांच्यानंतरच्यांनी ती परत फिरवली. १९४८ च्या ऑक्टोबरमधल्या भूकंपात हे अख्खं शहर पडलं, त्यात त्यांची आई आणि भाऊ गेले. त्याचं स्मारक म्हणजे शिंगांवर पृथ्वी हलवणारा बैल आणि ढिगाऱ्यातून वर धरलेलं सोन्याचं बाळ. गाइडची आजी त्या रात्री अंगणात झोपली होती म्हणून वाचली. हे ती पाठ केलेल्या माहितीच्या मध्येच, आवाज न बदलता सांगून गेली आणि पुढे लगेच पुतळ्याची उंची.

पुढे अलाबाई कुत्र्याचा सोनेरी पुतळा, २०२० चा. मग गालिच्यांचं म्युझियम, तिथे ३०१ चौरस मीटरचा हाताने विणलेला एकच गालिचा, बाबांनी ताबडतोब चौरस फुटात हिशोब केला आणि नौपाड्यात एवढ्यात चार फ्लॅट होतात असं जाहीर केलं. गालिचा विकत घेणार असाल तर बाहेर नेण्यासाठी तिथल्या तज्ज्ञांचा दाखला लागतो, पावतीवर भागत नाही.

रशियन बाजारात कॅमेरा पिशवीतच ठेवला. कॅविआर (माशांची अंडी) विकणाऱ्या बायका आपण नुसतं गळ्याला हात लावला तरी स्कार्फ ओढून तोंड फिरवतात. मात्र डाळिंबवालीने स्वतःहून हाक मारली, अर्धं फोडून बाबांच्या हातात दिलं, आणि "राज कपूर?" पैसे घेईना. बाबांनी दोन ओळी गाऊन हिशोब चुकता केला.

आता संध्याकाळ. हॉटेलपासून चालत निघालो, उन्हं कलती, आणि संगमरवरावर तो जो पिवळा उजेड पडतो त्याच्यासाठी लोक कुठे कुठे जातात. एका लांबच लांब भिंतीशी दोन बायका झाडत होत्या, नारिंगी जाकिटं, डोक्यापासून हनुवटीपर्यंत फडकं गुंडाळलेलं, फक्त डोळे उघडे. जमिनीवर कचरा नव्हताच, तरी झाडत होत्या. सावल्या भिंतीवर चढलेल्या. मी विचार केला नाही, खरं सांगते, कॅमेरा डोळ्याला गेला आणि चार फ्रेम गेल्या. पाचवीला समोर सगळं तपकिरी झालं. गाइडचा तळहात. आणि मग शिट्टी.

भिंतीच्या वर, उजव्या कोपऱ्यात, सोनेरी घुमटाचा एक तुकडा येत होता. राष्ट्राध्यक्षांचा महाल. मला तो दिसलाच नव्हता, मी सावल्या बघत होते.

धावत आला तो विशीतला पोरगा, टोपी मोठी, कान बाहेर. "नेल्झ्या, नेल्झ्या." म्हणजे नाही, चालणार नाही. मी सॉरी म्हणायला तोंड उघडलं. त्याने माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही. तो बोलत होता तिच्याशी. तिचं कार्ड मागितलं, वहीत लिहून घेतलं, मग फोनवर कोणाला तरी वाचून दाखवलं. पंधरा मिनिटं. ती मान खाली घालून उत्तरं देत होती, आवाज अगदी बारीक, सकाळी पुतळ्यांच्या उंच्या सांगणारी हीच का असं वाटावं. झाडणाऱ्या दोघी कधीच दिसेनाशा झाल्या होत्या. शेवटी त्याने मला कॅमेरा उघडायला लावला. एक डिलीट, दोन, तीन, चार. पाचवा तळहाताचा आला. त्याने बघितला, तिच्याकडे बघितलं, काहीतरी म्हणाला आणि हात झटकून निघून गेला. तो ठेवला.

"काय म्हणाला?"

"काही नाही. चला, काका दमले असतील."

बाबा दमले नव्हते.

आपल्याकडेही असं असतं, नाही असं नाही. घारापुरीला लाँचमधून जाताना तो अणुकेंद्राचा घुमट दिसला की आई माझा हात खाली करायची. पण तिथे बोलणी मला बसली असती. इथे फोटो माझा आणि वहीत नाव तिचं.

रात्री हॉटेलवर कॅमेरा पुसताना आठवलं. माझ्या कॅमेऱ्यात दोन कार्डं असतात, प्रत्येक फोटो दोन्हीकडे जातो. लग्नाचे फोटो काढणाऱ्या मैत्रिणीने शिकवलेली सवय. पोराने एकाच कार्डावरचे उडवले होते. दुसऱ्यावर चारही फ्रेम तशाच. मी बाथरूममध्ये जाऊन बघितले (का बाथरूममध्ये, खोलीत कोण होतं? पण त्या शहरात दोन दिवसांत असं होतं). चांगले होते. अख्ख्या ट्रिपमधले सगळ्यात चांगले. दुसऱ्या फ्रेममध्ये एकीने वर बघितलंय, नेमकं लेन्समध्ये.

बाबांना दाखवले. "ठेव की. कोणाला कळतंय."

दिवे घालवल्यावर पाच मिनिटांनी अंधारातून, "नोकरीत असताना बघितलंय गं मी. साहेब चुकतो आणि मेमो वायरमनला."

दिवस ६ : घोडे

सकाळी ती वेळेवर आली, झगा निळा, हसू नेहमीचं. मी माफी मागितली. ती म्हणाली असं होतं कधीकधी, आणि विषय बदलला. नंतर दिवसभर मी कॅमेरा उचलला की ती आधी फ्रेमच्या दिशेने वळून बघायची, पूर्वी असं करत नव्हती.

अखाल-तेके घोड्यांच्या तबेल्यात उलटा प्रकार. तिथल्या मालकाने आम्हाला खुर्चीत बसवून गोक चाय, म्हणजे हिरवा चहा, दिला आणि एकेक घोडा बाहेर आणून उन्हात असा उभा करायचा की कातडीवर सोनं ओतल्यासारखं वाटावं. मी थांबले तर रागावायचा. काढा, अजून काढा, मान इकडून. घोडा देशाच्या राजचिन्हावर आहे, त्याचे फोटो कितीही. दोनशे काढले, दहा ठेवले.

दुपारी निसा, पार्थियन लोकांची मातीची राजधानी. तिथे सावलीला बसून तिने अचानक विचारलं, तुमच्याकडे बैराम खान शिकवतात का? तो आमचा, तुर्कमेन, कवी होता. बाबा उठून बसले. कवी? आमच्याकडे तो अकबराला सांभाळणारा सेनापती, गुजरातेत पाटणला मारला गेला, आणि कवी त्याचा पोरगा, रहीम! मग बाबांनी रहीमचा दोहा म्हटला, तिने बैराम खानाची कविता, कोणालाही काही कळलं नाही, दोघांनी एकमेकांना दाद दिली. आदल्या संध्याकाळनंतर पहिल्यांदा ती खरी हसली असं मला वाटलं, चुकीचंही असेल.

जेवणात गुताप मिळाले, पालक भरलेले, आपल्या घावनाच्या आणि पुरीच्या मधलं काहीतरी. शाकाहारी लोकांनी हा एक शब्द पाठ करून जावा. बाकी मेन्यू म्हणजे मटण, मटण आणि टरबूज.

दिवस ७ : मर्व

नव्या कोऱ्या हायवेने मारी शहर, साडेतीनशे किमीच्या वर. मर्व हे एके काळी जगातल्या मोठ्या शहरांपैकी, रेशीम मार्गावरचं, मंगोलांनी १२२१ मध्ये कापून काढलं. आता मैलोनमैल मातीचे उंचवटे आणि त्यात उंट चरतायत. सुलतान संजरची कबर मात्र सगळ्यातून उरली. कीझ-कालाच्या भिंती तर अशा, की कुणीतरी मातीचे अजस्र खांब एकमेकांना चिकटवून उभे केलेत. युनेस्कोने १९९९ मध्ये यादीत घेतलं. तिथे पाच तास होतो, दुसरा टूरिस्ट दिसला नाही, शिट्टी नाही, वर्दी नाही, आणि गंमत म्हणजे मला फोटो सुचेनात. सवय लागते हो. कॅमेरा उचलायचा, आणि आधी आजूबाजूला बघायचं.

संध्याकाळी मारीच्या हॉटेलात दुसऱ्या कार्डावरच्या चारही फ्रेम उडवल्या. उद्या सीमा, परत कॅमेरा तपासला तर? माझं काय, मला फार तर बाहेर काढतील, बाहेरच जायचंय मला. वहीत आधीच एक नोंद असलेली ती मात्र तिथेच राहणार. असं मी बाबांना सांगितलं आणि ते खरंही आहे. पण मला भीतीही वाटत होती, ते सांगितलं नाही, ते इथे लिहितेय.

एक गोष्ट मैत्रिणीने शिकवलेली: डिलीट केलेला फोटो कार्डावरून लगेच जात नाही, त्या जागेवर नवीन काही काढलं नाही तर घरी सॉफ्टवेअर लावून परत मिळू शकतो. मी ते कार्ड काढून पाकिटात ठेवलं आणि नवीन घातलं. म्हणजे उडवले, आणि पूर्ण उडवलेही नाहीत. यावर तुम्ही काय म्हणायचं ते म्हणा.

दिवस ८ : आमू दर्या

फारापच्या सीमेआधी आमू दर्या लागते. बाबांच्या इतिहासाच्या पुस्तकातली ऑक्सस, सिकंदराने ओलांडलेली. पाणी चहाच्या रंगाचं, पात्र अफाट, आपली खाडी यात किती वेळा मावेल. पूल म्हटल्यावर कॅमेरा बंद, ते आता सांगावं लागत नव्हतं. ड्रायव्हरने मात्र पुलावर गाडी इतकी सावकाश केली की मागच्याने हॉर्न मारला. बाबांनी काच खाली करून टोपी काढली आणि टोक येईपर्यंत बघत राहिले.

सीमेवर ती आत येऊ शकत नाही. बाबांनी तिला उरलेली वेलचीची पुडी दिली. मी टिप पाकिटात घालून दिली (डॉलरमध्ये द्या, आणि सगळ्यांसमोर नको). मी विचारलं, त्या नोंदीचं काय होईल. ती म्हणाली बहुतेक काहीच नाही. "बहुतेक" हा शब्द तिने सहा दिवसांत पहिल्यांदा वापरला. मग बाबांना म्हणाली, साग बोल, काका. म्हणजे धन्यवाद.

आत कॅमेरा कोणी बघितलाच नाही. जांभई देत शिक्का मारला.

घरी

एकूण बाराशे फोटो, त्यातले साठ बाबांना अल्बमसाठी हवे होते, स्क्रीनवर त्यांना फोटो वाटत नाही. नौपाड्यात आमच्या नेहमीच्या लॅबवाल्याकडे पेन ड्राइव्ह दिला. ते पाकिटातलं कार्ड ड्रॉवरमध्ये आहे, सॉफ्टवेअर अजून लावलेलं नाही. बाबा दर रविवारी फोनवर विचारतात, "काढलेस का ते?" मी म्हणते वेळ नाही झाला.

परवा प्रिंट आणायला गेले. लॅबवाल्याने एक बाजूला काढून ठेवला होता, सगळा तपकिरी, धुरकट, बोटांच्या फटीतून थोडा पिवळा उजेड.

"ताई, हा चुकून आलाय बहुतेक, कोणाचा तरी हात आलाय मध्ये. याचे पैसे नाही लावले."

"लावा," म्हटलं, "आणि याची अजून एक कॉपी काढा, बाबांना."